चाळीस कधी झालं?

गेल्या पावसाळ्यात एकदा कर्नाळ रोडच्या काकूंचा सकाळी सकाळी फोन आला. रात्री दहाला झोपताना कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला पाणी ३८ फूट होतं, सहाला उठून बघतायत तर ४१, आणि गल्लीच्या तोंडाला पाणी आलेलं. मी मास्तरणीच्या सवयीनं बोलून गेले, म्हणजे रात्रीत कधीतरी चाळीस झालंच असणार. त्यावर काकू म्हणाल्या, "अगं झालंच असणार हे मला पण कळतंय की. कधी झालं ते सांग. बाराला झालं का चारला?" म्हणलं कधीही झालेलं असेल, काय फरक पडतो. तर म्हणे, "फरक पडतो काय? बाराला चाळीस झालं असंल तर पुढच्या सहा तासात एकच फूट चढलंय, म्हणजे पाणी दमलं. चारला झालं असंल तर दोन तासात फूट, म्हणजे फ्रीज आत्ताच वर न्यायला पाहिजे." आणि गॅसची टाकी जिन्यावर चढवायची होती म्हणून फोन ठेवून दिला. काकू सातवी शिकलेल्या. मी विश्रामबागेत बीएस्सीच्या पोरांना कॅल्क्युलस शिकवते. दिवसभर ते डोक्यातनं जाईना.

कारण मी जे बोलले तो इंटरमिजिएट व्हॅल्यू थिअरमच होता, शब्द न शब्द. क्लोज्ड इंटरव्हलवर, म्हणजे दोन्ही टोकं धरून, फंक्शन कंटिन्युअस आहे, मध्ये कुठं तुटत नाही, उडी मारत नाही, एका टोकाला किंमत ३८, दुसऱ्या टोकाला ४१, मग मधली कुठलीही किंमत घ्या, ४० घ्या, ३९ फूट सात इंच घ्या, इंटरव्हलमध्ये कुठंतरी एक सी, म्हणजे एक जागा, असतोच जिथं फंक्शन बरोब्बर तेवढं होतं. कुठंतरी. असतोच. पुस्तकात हे दोन ओळीत येतं, पोरं वहीत चौकटीत लिहितात, खाली लाल पेननं रेघ मारतात. आणि काकूंनी मला नेमकं त्या "कुठंतरी"वर पकडलं.

सांगलीच्या पोरांना फंक्शन म्हणजे काय हे समजावून सांगायची खरं तर गरजच नसते. इथली पोरं आयर्विनचा आकडा ऐकत मोठी होतात. वेळ सांगा, फूट सांगतो. चाळीस इशारा, पंचेचाळीस धोका, २००५ ला त्रेपन्नच्या वर, २०१९ ला सत्तावन्नच्या वर, हे पाढ्यासारखं पाठ. ज्यांच्या घरात आलं होतं त्यांना आकड्याबरोबर वासही आठवतो, तो चिखलाचा आणि फिनेलचा आणि ओल्या गादीचा मिळून झालेला, जो दिवाळीपर्यंत भिंतीतनं जात नाही. प्लायवूडची कपाटं फुगून दार लागेनाशी होतात. भिंतीवर पाण्याची रेघ राहते, तपकिरी, पट्टीनं मारल्यासारखी सरळ, आणि पाहुणे आले की त्यांना ती हात लावून दाखवली जाते, हितपर्यंत होतं बघा. पण ती रेघ सगळ्यात वरच्या पाण्याची. त्याच्या खालच्या प्रत्येक उंचीवरनं पाणी गेलेलं असतं, चढताना एकदा आणि उतरताना एकदा, किमान. त्या उंचींची रेघ कुणी दाखवत नाही. दाखवायला ती नसतेच.

वर्गात मी हा थिअरम काढते तेव्हा पहिल्या पाच मिनिटात कुणीतरी म्हणतंच, "मॅडम, हे तर दिसतंयच की, ह्याला प्रूफ कशाला?" मी फळ्यावर एक आडवी रेघ काढलेली असते, एक टिंब रेघेच्या खाली, एक वर, आणि पेन न उचलता दोन्ही जोडायला सांगितलेलं असतं. पेन रेघ ओलांडणारच, दुसरं करणार काय? खरं सांगायचं तर मोठमोठ्या माणसांनाही बराच काळ असंच वाटत होतं. मग १८१७ साली प्रागमधल्या बोल्झानो नावाच्या एका पाद्र्यानं एक छोटा निबंध छापला आणि त्याच्या सुरुवातीलाच सांगून टाकलं, की चित्र काढून पटवू नका, आणि काळ आणि गती ह्यांचे दाखले देऊन पण पटवू नका, कारण ह्या गोष्टी आकड्यांच्या जगातल्या नव्हेत, सिद्धता आकड्यांतूनच यायला पाहिजे. म्हणजे माझं नदीचं उदाहरण बोल्झानोला अजिबात चाललं नसतं. नदी म्हणजे नुसती गतीच. दोन वर्षांनी, १८१९ ला, त्याची विद्यापीठातली नोकरी गेली, गणितामुळं नव्हे, त्याची मतं सरकारला झेपेनात म्हणून, त्यात युद्धाविरुद्ध बोलणं पण होतं. मला हा माणूस फार आवडतो. सगळ्यांना दिसणारी गोष्ट पण "दिसते" म्हणून मान्य करायची नाही, हा हट्ट एकदा अंगात असला की तो गणितापुरता राहत नसावा.

आणि त्याचा हट्ट बरोबर होता, हे मी पोरांना दोनच्या वर्गमुळावरनं पटवते. समजा पट्टीवर फक्त अपूर्णांकाचीच ठिकाणं आहेत, वरचा आकडा पूर्णांक, खालचा पूर्णांक, बस. अपूर्णांक काय कमी नाहीत, कुठल्याही दोघांच्या मध्ये ढीगभर असतात, पट्टी बघायला गच्च भरलेली दिसेल. आता एकचा वर्ग एक, दोनचा वर्ग चार, मध्ये कधीतरी वर्ग दोन व्हायलाच पाहिजे. पण होत नाही! ज्याचा वर्ग बरोब्बर दोन आहे असा अपूर्णांकच नाही. फंक्शन चांगलं गुळगुळीत, टोकं बरोबर, आणि तरी ते दोनला न शिवता पलीकडं जातं, कारण पट्टीलाच तिथं भोक आहे. म्हणजे थिअरम नुसता फंक्शनवर उभा नाही, खाली रिअल नंबरची, म्हणजे वर्गमुळं-बिर्गमुळं सगळी धरून असलेल्या आकड्यांची, रेघ बिनभोकाची लागते, आणि ती तशी आहे म्हणजे नेमकं काय हे नीट मांडायला डेडेकिंड ह्या जर्मन गणितज्ञाचं १८७२ साल उजाडावं लागलं. पेन्सिलनं दोन सेकंदात काढलेल्या चित्राला पुरती जमीन मिळायला पंचावन्न वर्षं.

पेपर तपासताना मात्र बोल्झानो, डेडेकिंड सगळे विसरायला होतं. एक भागिले एक्स, वजा एक ते एक, इथं रूट, म्हणजे किंमत शून्य होणारी जागा, आहे का? निम्मी पोरं लिहितात, वजा एकला किंमत वजा एक, एकला किंमत एक, चिन्ह बदललं, म्हणून आयव्हीटीनं, म्हणजे ह्याच थिअरमनं, रूट आहे. दिमाखात, खाली दोन रेघा मारून. अरे पण शून्यावर काय होतंय ते बघितलं का? तिथं फंक्शनच नाही, डावीकडनं येताना खाली पाताळात जातंय आणि उजवीकडं आभाळातनं खाली येतंय, शून्य किंमत आयुष्यात कधी घेतली नाही. चिन्ह बदललं खरं, पण रेघ ओलांडून नव्हे, उडी मारून. "कंटिन्युअस आहे" हे वाक्य पोरांना नैवेद्यासारखं वाटतं, दाखवायचं आणि पुढं जायचं. माझं उलटं झालंय. इतकी वर्षं शिकवून मला आता निष्कर्षापेक्षा ती अटच जास्त महत्त्वाची वाटते. निष्कर्ष काय, कुणीही काढेल. अट तपासायला थांबावं लागतं.

मार्केट यार्डात हळदीचा सौदा बघा एकदा उभं राहून. दर बोलीगणिक टप्प्याटप्प्यानं चढतो, मधले आकडे कुणी उच्चारतच नाही. खालच्या आकड्यापासून सुरू होऊन वरच्या आकड्याला सुटला म्हणून मधल्या प्रत्येक रुपयाला सौदा थांबला होता असं म्हणता येत नाही. पेपरातले मार्क तसेच, घरातली माणसं तशीच, चाराची पाच होतात, साडेचार कधी होत नाहीत. हे सांगितलं की पोरं हसतात, पण मग विचारतात, मॅडम पाण्याचं तरी कशावरनं कंटिन्युअस? आणि हा प्रश्न मला फार आवडतो, कारण त्याचं उत्तर हातात येण्यासारखं आहे. कोयना धरणाचे दरवाजे उचलले की विसर्ग एकदम वाढतो. थोड्या वेळापूर्वी काही हजार क्युसेक, आता त्याच्या दुप्पट, ग्राफ काढला तर जवळजवळ पायरीच दिसते. पण विसर्ग म्हणजे पाणी येण्याचा वेग. नदीत साठलेलं पाणी ही त्या वेगाची बेरीज, म्हणजे इंटिग्रल, आणि वेगानं उडी मारली तरी बेरीज उडी मारत नाही, तिचा चढ फक्त तिथं अचानक बदलतो. वेग कुठल्यातरी मर्यादेत आहे तोवर साठा कंटिन्युअसच राहणार, आणि साठ्याबरोबर पातळी. तिकडं वर दरवाजा धाडकन उघडेल, इकडं सांगलीला पाणी इंच इंच चढत येतं. लोक म्हणतात पाणी अचानक आलं. अचानक आलेलं नसतं, आपण बघत नव्हतो.

ह्या थिअरमची खरी गंमत मात्र सरळ लावण्यात नाहीच, लावायला फंक्शन नवीन बनवण्यात आहे. माझं आवडतं गणित दंडोब्याचं. मूळ कोडं जुनंच आहे, मी फक्त डोंगर आपला घातलाय. शनिवारी सकाळी सातला तुम्ही पायथ्यापासून निघालात आणि दहाला वर पोचलात, रात्री वरच राहिलात, रविवारी सातला वरनं निघून त्याच वाटेनं दहाला खाली. तर वाटेवर एक जागा अशी असणारच जिथं दोन्ही दिवशी तुम्ही घड्याळातल्या एकाच वेळेला होता. पोरं भांडायला उठतात. मॅडम, चढताना दम लागतो, उतरताना पळत उतरतो, कसं जमेल? मध्ये अर्धा तास बसून भडंग खाल्लं तर? पाण्याची बाटली विसरली म्हणून थोडं मागं गेलो तर? सगळं करा म्हणते, पळा, बसा, मागं जा. फक्त वाट सोडायची नाही आणि गायब व्हायचं नाही. मग शनिवारच्या अंतरातनं रविवारचं अंतर वजा करून एक नवं फंक्शन करायचं. सातला ते निगेटिव्ह, कारण शनिवारी तुम्ही खाली आणि रविवारी वर. दहाला पॉझिटिव्ह. दोन्ही कंटिन्युअस म्हणून वजाबाकी कंटिन्युअस, मग मध्ये कधीतरी शून्य. शून्य म्हणजे एकाच वेळी एकाच जागी. आणि मागच्या बाकावरचं कुणीतरी ते वजाबाकी न करता एका वाक्यात उडवून लावतं, की एकाच दिवशी दोन माणसं सोडा, एक खालनं एक वरनं, गाठ पडणारच. पडणारच! त्या पोराला मी पूर्ण मार्क देते, बोल्झानोची माफी मागून.

पण कुठल्या झाडाखाली गाठ पडली, ते थिअरम सांगत नाही.

हे मी वर्षानुवर्षं फुशारकीनं सांगत आलेय, की बघा, न शोधता "आहे" असं सांगता येणं ही केवढी ताकद आहे. कुठलंही विषम घाताचं पॉलिनॉमियल, म्हणजे बहुपदी, आणा, तिसऱ्या, पाचव्या, सत्ताविसाव्या, रूट काढायचं सूत्र असो नसो, एका टोकाला ते खाली जातं आणि दुसऱ्या टोकाला वर, म्हणून एक तरी रिअल रूट आहेच. काकूंच्या फोननंतर ही ताकद मला जराशी श्रीमंत पाहुण्यासारखी वाटायला लागली, मी आहे म्हणून सांगतो आणि पत्ता देत नाही. खरं तर पत्ता शोधायची पद्धत ह्याच थिअरमच्या पोटात आहे. एक्सचा घन वजा एक्स वजा एक घ्या. एकला किंमत वजा एक, दोनला पाच. मध्यावर जा, दीडला ०.८७५, पॉझिटिव्ह, म्हणजे रूट एक ते दीडमध्ये. परत मध्यावर, १.२५ ला निगेटिव्ह. १.३७५ ला पॉझिटिव्ह. १.३१२५ ला परत निगेटिव्ह. दर वेळी जागा निम्मी, दहा वेळा केलं की हजाराव्या भागाच्या आत, आणि रूट १.३२४७ च्या आसपास सापडतं. साध्या कॅल्क्युलेटरवर होतं. ह्या निम्मं करत जाण्यालाच बायसेक्शन म्हणतात. कोशी ह्या फ्रेंच गणितज्ञानं १८२१ च्या आपल्या पुस्तकाच्या शेवटी एका टिपेत हा थिअरम असाच इंटरव्हलचे तुकडे करत करत सिद्ध केलाय, म्हणजे शोधणं आणि सिद्ध करणं हे एकच काम होतं त्याच्या लेखी. आमच्याकडं काय, थिअरम कॅल्क्युलसच्या पेपरला आणि बायसेक्शन न्यूमरिकल मेथड्सच्या, वेगळ्या वर्षी, वेगळ्या वहीत. पोरांना दोन्ही पाठ असतात आणि एकमेकांच्या नात्यातले आहेत हे कुणी सांगितलेलं नसतं. हा अभ्यासक्रम कुणी असा कापला मला माहीत नाही, पण कापणाऱ्यानं कधी कुणाला "कधी?" असं विचारलेलं नसणार.

मग त्या दिवशी मी काकूंचं गणित मनातल्या मनात बायसेक्शननं करायला घेतलं. रात्री दहा ते सकाळी सहा, ४८० मिनिटं. नऊ वेळा निम्मं केलं की मिनिटाच्या आत. किती सोपं! पहिला प्रश्न, दोन वाजता पाणी किती होतं? आणि इथंच गाडी अडली, कारण सकाळी नऊला बसून रात्री दोनच्या नदीला कसं विचारणार? एक्सच्या जागी दीड ठेवून फंक्शनला केव्हाही विचारता येतं, हजारदा विचारा, तेच उत्तर देईल. रात्र एकदाच विचारू देते, आणि तेव्हा आपण झोपलेलो असतो. दुपारी कुणीतरी ग्रुपवर तासातासाचे आकडे टाकले, दोनला चाळीसला दोन-एक इंच कमी, तीनला तेवढेच जास्त, असं काहीतरी. म्हणजे दोन ते तीनच्या मध्ये. रात्री कुणीतरी, किंवा कुठलंतरी यंत्र, जागं होतं म्हणून आठ तासाचा एक तास झाला. सी काही मिळाला नाही, त्याची खोली जरा लहान झाली. काकूंना फोन करून सांगितलं, तर म्हणाल्या फ्रीज सकाळीच वर नेला.

असले न सापडणारे सी आयुष्यात किती असतात ह्याचा मी मग उगीचच नाद घेतला. माझी मुलगी माझ्यापेक्षा उंच झालीय. एके काळी माझ्या कमरेला लागायची, आता माझ्या डोक्यावरनं बघते, दोघींच्या उंचीची वजाबाकी कंटिन्युअस, म्हणजे एक क्षण असा गेला की आम्ही दोघी तंतोतंत सारख्या होतो. त्या वेळी मी काय करत होते? डबा भरत असेन नाहीतर तिच्यावर ओरडत असेन. मला हे कळून आधी बरं वाटलं, मग जरा चुटपुट लागली, आणि मग माझाच राग आला, की सगळ्याला थिअरम लावायचं कारण काय. माणसांमधलं सगळं काही कंटिन्युअस नसतं. भांडणं होतात, एक वाक्य बोललं जातं आणि मधल्या कुठल्याही पायरीला न शिवता दोघं एकदम पलीकडं पडलेली असतात. तिथं मध्ये कधीतरी "बरोबर शून्य" होतं असं म्हणत शोधत बसणं म्हणजे एक भागिले एक्सचं रूट शोधणं.

ह्या वर्षी मी एवढं केलं, की थिअरम आणि बायसेक्शन एकाच दिवशी शिकवलं, पोर्शनची पर्वा न करता. आणि सगळी उदाहरणं आयर्विनची. भिलवडीकडनं एसटीनं येणारा एक पोरगा आहे, बोलतो कमी. तो म्हणाला, "मॅडम, तासातासानं बघितलं आणि दोन्ही वेळा त्रेचाळीसच दिसलं, तर मधल्या तासात पंचेचाळीस होऊन परत खाली आलं नसेल कशावरनं?" बरोबर आहे त्याचं. दोन्ही टोकं सारखी असली की थिअरम गप्प बसतो, "झालं" पण म्हणत नाही आणि "झालं नाही" पण म्हणत नाही. पोरं मात्र पेपरात बिनधास्त लिहितात, चिन्ह बदललं नाही म्हणून रूट नाही. मग तो म्हणाला, "म्हणजे किती वेळानं बघायचं हे कशावर ठरवायचं?" मी म्हणलं, पाणी जास्तीत जास्त किती वेगानं चढू किंवा उतरू शकतं ते माहीत पाहिजे. समजा तासाला अर्ध्या फुटापेक्षा जास्त कधीच हलत नाही, तर दोन त्रेचाळीसच्या मधल्या तासात ते फार तर तीन इंच वर जाऊन येईल. अर्धा तास चढायला, अर्धा तास उतरायला. पंचेचाळीस शक्यच नाही. वर्गात जरा चुळबूळ झाली, दोघातिघांनी वहीत ते त्रिकोणासारखं चित्र काढून बघितलं. म्हणलं, वेगावरनं पातळीला असं बांधून घालणारा थिअरम वेगळा आहे, मीन व्हॅल्यू थिअरम, तो पुढच्या महिन्यात.

"पुढच्या महिन्यात पाणी उतरलेलं असतंय, मॅडम," तो म्हणाला.

फळा पुसला आणि तो थिअरम त्याच संध्याकाळी घेतला. डेरिव्हेटिव्हचं, म्हणजे बदलाच्या वेगाचं, अर्धं चॅप्टर मध्ये राहिलं होतं, ते मागनं जोडून घेतलं, त्याच्या आधी लागणारा रोलचा थिअरम घाईघाईत उरकला, त्यामुळं पोर्शन अजून मागंच आहे आणि दोन पालकांचे त्यावरनं फोन येऊन गेलेत.